आईच्या तोंडची ओळ

माझ्या भावाला मिशा फुटल्या त्या तो गेल्यानंतर. जिवंत होता तोवर त्याच्या ओठावर जेमतेम लव होती. शेवटच्या सुट्टीत आला तेव्हा, याच्या दाढीचे पैसे घ्यायला मला लाज वाटते, असं म्हणून गावच्या न्हाव्यानं त्याची चेष्टाही केली होती. पहिल्या स्मृतिदिनाच्या फ्लेक्सवर त्याला बारीक मिशी आली. मग ती दरवर्षी वाढत गेली आणि आता तिला पीळ आहे. चांदवडच्या फ्लेक्सवाल्यानं कुणा दांडग्या माणसाच्या धडावर त्याचं तोंड बसवलंय, हातात बंदूक दिलीय, मागे आगीचे लोळ आणि वर दोन विमानं. भोवती हात जोडलेल्या पुढाऱ्यांचे फोटो, त्यातले काही तर त्याच्यापेक्षा मोठे, आणि त्यांच्या खाली 'शुभेच्छुक'. श्रद्धांजलीच्या फ्लेक्सवरही शुभेच्छुक असतात हे मला माझ्या माहेरानं शिकवलं.

या मिशांवर मी पूर्वी हसायचे. मेलेल्या माणसाला मिशांचं ओझं होत नाही, हवी तेवढी लावा. माझी तक्रार वेगळी आहे. त्या लोकांनी माझ्या जिवंत आईच्या तोंडात एक ओळ घातली. त्या ओळीनं तिचं म्हातारपण नासवलं. मी हे लिहिते आहे ते त्या रागानं, आणि राग लपवायची माझी इच्छाही नाही.

आधी भाऊ कोण होता ते सांगते, कारण गावात आता ते कुणी सांगत नाही. तो सैन्यात खेचरांच्या तुकडीत होता. डोंगरात जिथं गाडीरस्ता संपतो तिथून पुढच्या ठाण्यांवर पीठ, डाळ, रॉकेल, दारूगोळा, औषधं हे सगळं खेचरांच्या पाठीवरून जातं, आणि प्रत्येक खेचराला धरून एक माणूस चालतो. तसा चालणारा तो एक. आमच्या घरी बैल होते, कांद्याच्या गोण्या गाडीत रचायचं काम लहानपणापासून त्याच्याकडे, त्यामुळे जनावरावर ओझं कसं घालायचं हे त्याला शिकवावं लागलं नाही. फोनवर तो आईला तेच सांगायचा. दोन्ही अंगाला सारखं वजन नसलं की पाठ सोलवटते, आणि एका जनावराची पाठ सोलवटली की वर बसलेल्या पोरांच्या ताटात तेवढं कमी पडतं. एका खेचराला त्यानं आमच्या थोरल्या बैलाचं नाव ठेवलं होतं. आई दर फोनला आधी त्याची विचारपूस करायची आणि मग पोराची.

तो सुट्टीवर आला की गावातली पोरं पारावरून गाढवासारखी ओरडायची. गाढवं राखायला सरकारनं नेलाय, असं म्हणून मोठी माणसंही हसायची. तो चिडायचा नाही. वरची पोरं मला लांबून बघून टाळ्या वाजवतात, म्हणायचा, कारण माझ्यामागून पीठ येतं.

तो कसा गेला ते आम्हाला त्याच्या जोडीदारानं सांगितलं. सांगली जिल्ह्यातला मुलगा होता. भावाची ट्रंक घेऊन आला, आमच्या ओट्यावर मांडी घालून बसला आणि आईच्या डोळ्यांत बघून बोलला. माल वर पोचवून ते उतरत होते. उतारावरून बर्फ सुटला. भाऊ सगळ्यांत मागे होता, त्यानं तो आधी पाहिला आणि पुढच्यांना हाक मारली. पुढचे पळाले. तो जनावर सोडवत होता, त्याला वेळ मिळाला नाही. 'त्याची हाक आली म्हणून मी आज तुमच्यापुढं बसलोय, आई,' एवढं बोलून तो मुलगा लहान पोरासारखा रडला. आईनं त्याला जवळ घेतलं, जेवू घातलं, आणि जाताना शेंगदाण्याची चटणी बांधून दिली.

यात काय कमी होतं? मी आजवर स्वतःला विचारत आलेय. एक माणूस थंडीवाऱ्यात लोकांच्या पोटाला पोचवत होता आणि मरताना सोबत्यांना सावध करून गेला. पण गावाला ते पुरलं नाही.

पहिल्या स्मृतिदिनाची बैठक आमच्याच ओट्यावर झाली. माझ्या चुलतभावाचा मुलगा तेव्हा नुकताच तरुण मंडळाचा अध्यक्ष झाला होता. गोड बोलणारा, धावपळ्या, कुणाच्याही लग्नात वाढायला उभा राहणारा मुलगा. तो म्हणाला की आत्या, खेचराचं नको, लोक हसतील. मी म्हटलं, जिवंतपणी हसलात तेवढं पुष्कळ झालं, आता नका हसू. त्यावर त्यानं मला समजावलं. बर्फात जाणं म्हणजे अपघातच ना, अपघातात शौर्य कसं दाखवायचं, बाहेरून पाहुणे बोलवायचे तर त्यांना काहीतरी सांगायला पाहिजे. मंडळाच्या बाकीच्या पोरांनी माना डोलावल्या. ती पारावर ओरडणारीच पोरं होती.

मग त्या वर्षी भाषणात शत्रूनं हल्ला केला आणि भावानं दोघांना लोळवलं. पुढच्या वर्षी चौघांना. शत्रू दरसाल वाढत गेला. मेलेला माणूस घरबसल्या लढाया मारत सुटलाय, असं मी एकदा भर कार्यक्रमात बाजूच्या बाईला म्हटलं, तर तिनं माझ्याकडे असं पाहिलं की जणू मी देवळात चप्पल घालून शिरले होते.

माझं लग्नानंतरचं आयुष्य नाशकात गेलं. देवळाली कॅम्पाच्या रस्त्याला माझं शिवणकामाचं दुकान आहे. नवीन भरती झालेली पोरं पँट आत घ्यायला, छातीवरची नावाची पट्टी शिवून घ्यायला माझ्याकडे येतात. इतकी वर्षं मी त्यांचं बोलणं ऐकतेय. सुट्टी कधी मिळेल, आईचा गुडघा कसा आहे, घराचा स्लॅब कधी पडेल, पोरगी हो म्हणेल का. मरणाबद्दल कुणी बोलत नाही. आपल्याला परत यायचंय, हे त्यांच्या प्रत्येक वाक्यात असतं. आणि जानेवारीत त्याच रस्त्यानं शाळेतल्या बाया येतात, लहान मुलांना फौजीचे कपडे शिवून द्या म्हणतात, छातीवर लाल रंगाचा डाग असलेले. मी ते डागाचे कपडे शिवत नाही. गिऱ्हाईक गेलं तर गेलं.

आता त्या ओळीकडे येते.

मंडळाकडे वर्गणी चांगली जमायला लागली तेव्हा अध्यक्षानं एक शाहीर ठरवला. आमच्या भागात गावोगाव असे कार्यक्रम होतात आणि या शाहिराला सगळीकडून बोलावणं असतं. गळा उत्तम, डफावर हात बसलेला. त्याचा मला फोन आला. गाव, तालुका, भावाचं नाव विचारलं आणि मग आईचं. आईचं नाव सांगितल्यावर तो गुणगुणला आणि म्हणाला, बसतंय चालीत. मी म्हटलं, तो काय काम करायचा, कसा गेला, ते सांगू का? तो म्हणाला, ताई, बाकी सगळं तयार असतं.

खरंच तयार होतं. नंतर मला कळलं की निफाडकडच्या एका गावात आणि मालेगावकडच्या दोन गावांत तोच पोवाडा चालतो. नावं तेवढी बदलतात. आई तीच, निरोपाचा प्रसंग तोच, पोराच्या हातावर दही तेच. आणि त्या प्रसंगात आई पोराला म्हणते:

'जिंकलास तरच ये माघारी, नाहीतर येऊ नको दारी.'

ही ती ओळ. डफावर थाप, कोरस उठतो, जी जी र जी, आणि लोक वेडे होतात.

माझी आई खरं काय म्हणाली होती ते मला ठाऊक आहे, कारण मी तिथं होते. त्याची शेवटची सुट्टी संपली तेव्हा आग्रा रोडच्या फाट्यावर आम्ही तिघं एसटीची वाट बघत उभे होतो, त्याची बॅग माझ्या हातात होती. गाडी लांबून दिसली तशी आईनं त्याच्या शर्टाची बाही धरली आणि म्हणाली, 'लवकर ये. अन् कानाला बांधत जा.' तो म्हणाला की आई, सरकारनं टोपी दिलीय. ती म्हणाली, टोपीनं काय होतंय. गाडी सुटेपर्यंत तिनं बाही सोडली नाही. कंडक्टर ओरडला तेव्हा सोडली. बाकी ना दही होतं, ना औक्षण. माणूस सुट्टी संपवून कामावर जाताना घरची माणसं जे बोलतात तेच ती बोलली.

पहिल्यांदा पोवाडा ऐकला तेव्हा आई स्टेजवर खुर्चीत बसली होती, अंगावर शाल, मांडीवर नारळ. ओळ आली तशी तिनं माझ्याकडे पाहिलं. घरी आल्यावर म्हणाली, 'मी असं कवा म्हणले गं? कोणती आई म्हणंल असं?' तेव्हा तिचं डोकं शाबूत होतं आणि ती माझ्यापेक्षा जास्त चिडली होती. दुसऱ्या दिवशी मंडळाची पोरं पाया पडायला आली तेव्हा तिनं त्यांनाही तेच सांगितलं. मी असं म्हणले नाय रे बाबांनो, मी लवकर ये म्हणले. अध्यक्ष कौतुकानं हसला आणि बाकीच्यांना म्हणाला, बघा, मोठेपणा कसा नको असतो आजीला.

तिचा नकार त्यांनी तिचा विनय ठरवला. तिथून तिला बोलायची सोयच राहिली नाही. ती 'वीरमाता' झाली. भरतीला जाणारी पोरं तिच्या पायावर डोकं ठेवून म्हणायची, आम्हालाही तसंच सांगा. आणि ही बाई, जिला पोराची बाही सोडवत नव्हती, ती त्यांच्या डोक्यावर हात ठेवून प्रत्येकाला सांगायची, लवकर या. ते हसायचे. कुणाच्या तरी लग्नात एका बाईनं तिला विचारलं की असं काळीज कुठून आणलंत हो, आम्हाला नाही जमणार. आई त्या पंगतीतून न जेवता उठली. पुढे शाळेच्या गॅदरिंगमध्ये त्या ओळीवर नाच बसवला. गावच्या कमानीवर ती रंगवली. एसटीतून उतरलं की आधी तीच दिसायची.

दोन-तीन वर्षांपूर्वी आईचं विसरणं सुरू झालं. चुलीवर दूध, नळाची तोटी, मग माणसांची नावं. मी तिला नाशकात घेऊन आले. डॉक्टर म्हणाले, हे असंच हळूहळू वाढेल, जुनं जास्त दिवस राहील, नवं आधी जाईल. मला त्यात समाधान वाटलं होतं. जुन्यात माझा भाऊ होता, फाट्यावरची ती सकाळ होती. ते राहील, म्हटलं.

ते राहिलं नाही. गेल्या दिवाळीनंतरची गोष्ट. मी दुकानाच्या मागच्या खोलीत काज करत होते, आई खाटेवर बसून दोऱ्याची रिळं रंगाप्रमाणे लावत होती. हे काम तिला आवडतं. मधेच हात थांबवून ती म्हणाली, 'मी त्याला येऊ नको म्हणले ना?'

मला आधी कळलंच नाही कुणाबद्दल. मग ती म्हणाली, 'जिंकला नाय तर दारात येऊ नको म्हणले. म्हणून तो नाय आला.'

मी सुई टोचून घेतली. तिला म्हटलं, आई, तू असं म्हणाली नव्हतीस, ते शाहिराचं गाणं आहे. ती मान हलवत राहिली. सगळं गाव म्हणतं, म्हणाली, कमानीवर लिवलंय, शाळेतली पोरं म्हणतात, सगळे खोटं बोलतील का? मी फाट्याची आठवण दिली, एसटीची, टोपीची. तिला यातलं काही आठवेना. दरवर्षी भोंग्यावरून कानात ओतलेलं तेवढं शिल्लक होतं. त्या दिवशी ती जेवली नाही. आपल्या पोराला आपण घालवलं असं वाटणाऱ्या बाईच्या घशाखाली घास कसा उतरणार? नंतर ती रोज विचारायला लागली. कधी कधी भिंतीकडे तोंड करून नुसती म्हणत बसायची, कशी म्हणले मी, कशी म्हणले.

मला इतका संताप आला होता की मी आईला नवऱ्यावर सोपवून दुकान बंद ठेवलं आणि थेट अध्यक्षाला गाठलं. तो आता मोठा माणूस झालाय, लासलगावला त्याचा कांद्याचा गाळा आहे. लिलाव चालू होता, लाल कांद्याच्या ट्रॉल्यांची रांग लागली होती, तरी मला पाहून तो धावत आला आणि चहा मागवला. वाईट मुलगा असता तर भांडण सोपं झालं असतं. मी त्याला सगळं सांगितलं आणि एवढंच मागितलं की यंदा पोवाड्यात ती ओळ नको, आणि कमानीवरची पुसून टाक. त्याचे डोळे भरले. आजीची अशी अवस्था झाली हे मला माहीत नव्हतं, म्हणाला. मग डोळे पुसून म्हणाला, 'पण आत्या, लोक त्या ओळीसाठीच येतात गं.'

मी म्हटलं, ती माझी आई आहे. तो म्हणाला, आता ती सगळ्या गावाची आई आहे. हे वाक्य त्यानं स्टेजवर अनेकदा वापरलं असणार, इतकं गुळगुळीत होतं. गावाची आई असेल तर रात्री तिच्या उशाशी बसायला गावानं यावं, असं मी सुनावलं. आजूबाजूचे हमाल बघायला लागले तेव्हा तो वरमला आणि ओळ काढतो म्हणाला. कमानीचं मात्र ग्रामपंचायतीला विचारावं लागेल, म्हणाला.

शाहिराला मी स्वतः फोन केला. त्यानं शांतपणे ऐकून घेतलं. म्हणाला, ताई, मलाही आई आहे, ती ओळ म्हणताना तिचं तोंड डोळ्यापुढं येऊ देत नाही. यंदा नाही म्हणत.

एवढा शब्द मिळाल्यावर मी आईला घेऊन गेले. लोक म्हणतील की न्यायलाच नको होतं. पण मला वाटलं होतं की ज्या जागेवर ते तिच्या डोक्यात शिरलं तिथंच ते नाहीसं झालेलं तिला ऐकू येईल. स्टेज शाळेच्या मैदानात. संध्याकाळी, मार्केटची कामं आटोपून माणसं आली. पुढे शाळेची मुलं ओळीनं बसवलेली. आईला हार घातला, खुर्चीत बसवलं, मी तिच्या मागे उभी राहिले.

शाहिरानं शब्द पाळला हे सांगायलाच हवं. निरोपाचा प्रसंग आला, पोराच्या हातावर दही पडलं, आणि तो ती ओळ सोडून सरळ पुढच्या कडव्याला गेला. डफाची थाप मधेच रिकामी पडली. मागून दोन-तीन पोरांनी ओळ म्हटली. मग मधल्या रांगांनी. मग पुढे बसलेली सगळी मुलं, ज्यांनी गॅदरिंगला तिच्यावर नाच केला होता, ती एका आवाजात म्हणाली. शाहिरानं हात वर करून थांबवायचा प्रयत्न केला. तेवढ्यात अध्यक्षानं माइक घेतला. मला दिलेला शब्द तो त्या क्षणी खरंच विसरला असेल, समोर एवढी माणसं असली की त्याला काही सुचत नाही. तो म्हणाला, 'शाहीर विसरले असतील, पण गाव विसरलेलं नाही!' आणि त्यानं सगळ्यांकडून ती पुन्हा म्हणवून घेतली. आणखी जोरात म्हणवून घेतली.

आई उठून उभी राहिली. अध्यक्षाला वाटलं आशीर्वाद देणार, त्यानं माइक तिच्या तोंडापुढे धरला. तिनं गावापुढे हात जोडले.

'चुकले मी,' ती म्हणाली. 'लेकरू व्हतं ते. त्याला म्हणावं, नाय जिंकला तरी ये.'

आणि लोकांनी टाळ्या वाजवल्या.

हे मी मरेपर्यंत विसरणार नाही. कुणीतरी वीरमातेचा जयजयकार केला, मोबाइल वर झाले, पुढच्या रांगेतल्या बायांनी डोळे पुसले. एक म्हातारी भर मैदानात लेकाच्या मरणाची माफी मागत होती आणि ती ज्यांच्याकडे मागत होती ते ऐकून भारावले होते. तिला खाली बसव, पाणी दे, असं म्हणायला एक माणूस पुढे आला नाही. मी माइक हिसकावला. म्हटलं, माझी आई असं कधीही म्हणाली नाही, ती लवकर ये म्हणाली, मी तिथं होते. माझा भाऊ खेचरं न्यायचा, त्यानं कुणाला मारलं नाही, त्यानं माणसं जगवली, आणि तुम्ही त्याला हसत होतात. इथवर बोलले असेन. मग साऊंडवाल्याला कुणीतरी खूण केली, देशभक्तीचं गाणं मोठ्यानं लागलं आणि माझा आवाज त्याच्याखाली गेला. शाहीर तेवढा जागेवरून उठला, आईचा हात धरून तिला पायऱ्या उतरवल्या आणि आमच्या गाडीपर्यंत आणून सोडलं.

दुसऱ्या दिवशी आईचा व्हिडिओ फिरायला लागला. खाली करुण संगीत जोडलेलं आणि वर 'वीरमातेचा टाहो'. माझ्या गल्लीतल्या बाईनं तो मलाच पाठवला, नमस्काराच्या तीन चिन्हांसह. अध्यक्षाचा फोन आला. आत्या, तू कार्यक्रमाला गालबोट लावलंस, म्हणाला. त्याचा आवाज दुखावलेला होता. मग समजूत काढत म्हणाला की पुढच्या वर्षी आजीला दगदग नको, आम्ही तिचा फोटो ठेवू खुर्चीवर. मी फोन ठेवला. जिवंत बाईचा फोटो खुर्चीवर ठेवायला निघालेल्या माणसाशी काय बोलायचं?

कमानीवर ओळ अजून आहे.

इकडे माझा दिवस तिच्या प्रश्नानं सुरू होतो. मी त्याला येऊ नको म्हणले ना? मी मशीन थांबवते आणि सांगते. फाटा, एसटी, बाही, कंडक्टर, टोपी. सांगताना मी तिच्या हातात माझी बाही देते, आई ती धरून बसते. ऐकता ऐकता तिचा चेहरा मोकळा होतो. मी लवकर ये म्हणले, असं ती स्वतःशी दोनदा म्हणते. आणि मग दरवेळी, न चुकता, पुढचा प्रश्न येतो.

'मंग आला का नाय?'

तिला तो गेल्याचं आठवत नसतं. गावाची ओळ तिच्या डोक्यात ठेवली तर ती स्वतःला पोराची मारेकरी समजते, आणि काढली तर त्याच्या मरणाची बातमी मला तिला नव्यानं द्यावी लागते. वर्षातून एकदा भोंगा लावणाऱ्यांनी माझ्यापुढे एवढीच निवड ठेवलीय, आणि मी रोज सकाळी ती करते.

'येत होता, आई,' मी सांगते. 'डोंगर उतरत होता. वाटेत बर्फ आला.'

ती पदर तोंडाला लावते आणि रडते. पोर गेलेल्या कुठल्याही बाईसारखी रडते. मी तिला थांबवत नाही. रडून झालं की नाक पुसते, माझ्याकडे बघते, आणि विचारते की मग माझं काही चुकलं नाही ना.

'नाही, आई,' मी म्हणते. 'तुझं काही चुकलं नाही.'